रसशाळेच्या उंबऱ्यावर सहा दिवस

पहिला दिवस

किमयागारांच्या संघात, म्हणजे श्रेणीत, प्रवेशासाठी रसशाळेने बोलावलं होतं. निरोपात तीनच ओळी होत्या. मूस, म्हणजे धातू वितळवायचं मातीचं भांडं, इथे येऊन स्वतःच्या हातांनी घडवावी लागेल. धातू स्वतःचा आणावा, विकत घेतलेला नको. सर्दी झाली असेल तर बरी झाल्यावर या.

पहिल्या दोन अटी समजल्या. तिसरी काळजीपोटी लिहिली असेल असं वाटलं, आणि मी निघाले.

वाट नदीच्या कडेकडेने वर जाते. नदी दोनदा ओलांडावी लागते. दुसऱ्या वेळी पाणी कमरेला लागलं, तेव्हा पिशवी डोक्यावर घेतली. तिच्यात फार काही नव्हतं: बाबांची सांडशी, एक वही, मेणकापडात गुंडाळलेली नवसागराची पुडी आणि कथलाची एक कांडी. कांडी करंगळीएवढी जाड आणि बोटभर लांब. बाबा आयुष्यभर भांड्यांना कल्हई लावत आले. शेवटच्या आजारपणात हातातलं काम अर्धवट राहिलं, तेव्हाची ही कांडी. घरात तिला कुणी हात लावला नव्हता. विकत न घेतलेला धातू म्हटल्यावर मला हीच आठवली.

लहानपणी मी ही कांडी कानाशी धरून किंचित वाकवायचे. कथील वाकताना कुरकुरतं, बारीक काटक्या मोडाव्यात तसा आवाज येतो. आतल्या स्फटिकांची रचना झटक्यात पलटते म्हणून तो येतो, हे पुढे कळलं. बाबा म्हणायचे, "उगाच रडवू नकोस तिला."

दिवस कलताना रसशाळेचं दार दिसलं. दारात एक म्हातारे गृहस्थ सोनाराचा काटा मांडून बसले होते. सगळे त्यांना काटेकाका म्हणतात. त्यांनी माझी पिशवी रिकामी करून एकेक वस्तू जोखली. त्यांचे हात इतके थरथरत होते की वजनं मलाच ठेवायला लावली. ते फक्त काट्याकडे बघत होते आणि त्यांची नजर अजिबात हलत नव्हती. कांडी भरली 5 तोळे 2 मासे 3 गुंजा. त्यांनी ते वहीत लिहिलं आणि म्हणाले, "जाताना पुन्हा जोखू. इथून कुणी जास्त नेत नाही आणि कमीही नेत नाही."

श्रेणीचा सगळ्यात जुना नियम हाच आहे. किमया वजन निर्माण करत नाही. पारड्यात जेवढं होतं तेवढंच राहतं, बदलतो तो फक्त धातूचा स्वभाव.

या खेपेला उमेदवार आम्ही तिघं. भौतिकशास्त्र शिकलेला एक चष्मेवाला मुलगा, एक वैद्यबाई आणि मी. वैद्यबाई पन्नाशीच्या असाव्यात. चढून आल्या तरी त्यांचा श्वास माझ्यापेक्षा संथ चालला होता.

दुसरा दिवस

पूर्ण दिवस मातीत गेला.

मुशीची माती आपण समजतो तशी नसते. चिकण मातीत तुसाची काळी राख, बारीक कातरलेला ताग आणि जुन्या फुटक्या मुशींचा चुरा मिसळतात. हा चुरा सगळ्यांत महत्त्वाचा. तो एकदा भाजून आकसून गेलेला असतो. त्यामुळे नवी माती आकसू लागली की तो तिला धरून ठेवतो आणि तडा जात नाही. रसशाळेच्या मागे फुटक्या मुशींचा ढीग आहे. आज वापरलेली मूसही शेवटी तिथेच जाते आणि पुढच्या कुणाच्या तरी मुशीत मिसळते. मी मूठभर चुरा उचलला तेव्हा त्यात एका तुकड्याला आतून हिरवट काचेसारखी झिलई दिसली. कुणीतरी कधीतरी तांबं वितळवलं असणार.

मळणं, कुटणं, पुन्हा मळणं. भट्टी सांभाळणाऱ्या मावशी मधूनमधून येऊन गोळ्यात अंगठा दाबायच्या. कडा फाटली की काही न बोलता पुढे जायच्या, म्हणजे अजून कूट. दुपारपर्यंत माझी कडा फाटायची थांबली.

मुलाने घाई केली. सावलीत पुरती सुकू न देता त्याने मूस जाळाशेजारी नेली. आतल्या ओलीची वाफ झाली, तिला बाहेर पडायला वाट मिळाली नाही आणि फटकन आवाज होऊन बुडाचा टवका उडाला. मावशींनी तुकडे वेचून ढिगावर टाकले आणि त्याच्यापुढे नवा गोळा ठेवला. तो रात्री उशिरापर्यंत एकटा मळत बसला होता. मला त्याचं कौतुक वाटलं.

तिसरा दिवस

पारा.

खल उघड्या पडवीत ठेवले होते, वाऱ्याकडे पाठ करून बसायचं होतं. रसशाळेच्या प्रमुख पहिल्यांदा आज समोर आल्या. त्यांना सगळे थोरल्या म्हणतात. त्यांनी प्रत्येकाच्या खलात पारा ओतला आणि तेवढ्याच वजनाचा शुद्ध गंधक टाकला. पारा पाण्याच्या साडेतेरा पट जड असतो. त्यामुळे समोर दिसतो तो एवढासा थेंब आणि बाजूला गंधकाचा पिवळा डोंगर. "घोटा," म्हणाल्या.

रसशास्त्रात पाऱ्याचे 18 संस्कार, म्हणजे त्याच्यावर करायच्या क्रिया, सांगितले आहेत. स्वेदन, मर्दन, मूर्च्छन इथून सुरुवात होते आणि पुढे कुठेतरी वेध येतो. आम्हाला करायची होती साधी कज्जली, पारा आणि गंधक घोटून केलेली काळी पूड. ती साधी फक्त नावाला. सुरुवातीला पारा बत्त्याखालून निसटत राहतो, शंभर थेंब होऊन पळतो. मग हळूहळू गंधक राखाडी होतो, मग काळा. काळा झाला की वाटतं संपलं. तिथेच माणूस फसतो. चिमूटभर काजळी तळहातावर पाण्याच्या थेंबात चोळून उन्हात धरायची. त्यात एक जरी चमक दिसली तर पारा अजून मोकळा आहे. चमक संपली की तिला निश्चंद्र म्हणायचं. चंद्र मावळलेली. रसशास्त्रातला हा शब्द मला आज प्रथम कळला आणि आवडला. माझा चंद्र मावळायला सूर्य मावळायची वेळ आली. उजव्या खांद्यात रात्रभर ठणका होता.

घोटताना थोरल्या आमच्यामागून फिरत बोलत होत्या. मला आठवतं तसं इथे लिहिते, कारण या सहा दिवसांत मी शिकले त्यातलं सगळ्यांत मोलाचं तेच आहे.

त्या म्हणाल्या, डोळे भट्टीसाठी, हात खलासाठी, पण जीव वाचवतं ते नाक. मनशीळ किंवा हरताळ ही सोमलाची खनिजं निखाऱ्यावर पडली की लसणासारखा वास येतो. तो आला की श्वास रोखून बाहेर पडायचं, तो सोमल आहे, जहाल विष. सडक्या अंड्यांचा वास आला तर सावध व्हायचं, आणि तो येता येता एकदम थांबला तर पळत सुटायचं. तो वायू वाढला की पहिल्यांदा नाकच बधिर करतो, वायू गेला असं समजून माणूस आत राहतो आणि तिथेच पडतो. आणि पारा? पाऱ्याच्या वाफेला वासच नसतो. रंग नाही, वास नाही, खोकला नाही. म्हणून पारा बंद खोलीत कधीच उघडायचा नाही.

मग त्यांनी दाराकडे बोट केलं. काटेकाका तिथे बसले होते, मांडीवर ठेवलेले हात थरथरत. तरुणपणी वीस वर्षं त्यांनी खिडकी नसलेल्या खोलीत पारा उडवला होता. पडवी नंतर बांधली. हे सांगताना थोरल्यांचा आवाज किंचितही बदलला नाही. काकाही मान वर करून आमच्याकडे बघत राहिले, जणू त्यांना दाखवण्यासाठीच तिथे बसवलं होतं आणि त्यांची त्याला हरकत नव्हती.

(हे वाचून कुणी घरी पारा आणि गंधक घेऊन बसू नये. मी पोटतिडकीने सांगते आहे.)

संध्याकाळी डोळ्यांवर पट्टी बांधून प्रत्येकापुढे दहा बरण्या धरल्या. वास घ्यायचा, ओळखला की हात वर करायचा. गंधक, कापूर, ओली माती, जळलेले केस, गंजलेलं लोखंड असं काय काय. आठवी बरणी पुढे आली आणि माझा हात वर गेला त्याआधीच मी रडत होते. नवसागर. गरम भांड्यावर तो टाकला की पांढरा धूर उसळतो, तोच वास. बाबांचा सदरा, बाबांची बोटं, ते दारात आले की त्यांच्याआधी आत येणारा. थोरल्यांनी काही विचारलं नाही. फक्त वहीत लिहिल्याचा आवाज आला.

चौथा दिवस

भट्टी. हा दिवस मी पुन्हा पुन्हा जगायला तयार आहे.

प्रत्येकाला 1 तोळा शिसं दिलं. त्यात थोडी चांदी मिसळलेली होती. किती, ते आपण काढून सांगायचं. साधन म्हणजे हाडांच्या राखेची दाबून केलेली पांढरी वाटी, कोळसे आणि भाता. चांदी शोधायची ही रीत फार जुनी आहे. शिसं तापवून त्यावर हवा जाऊ दिली की त्याचं मुरदाडशिंग, म्हणजे शिशाचं ऑक्साइड, होतं, ते पातळ होऊन वाटीत मुरतं. राखेची वाटी ते स्पंजासारखं पिते, जवळजवळ स्वतःच्या वजनाइतकं. चांदी हवेने अशी बदलत नाही. ती वाटीत उरते.

शिसं 327 अंशांना वितळतं, लगेच. चांदीला 962 लागतात. काम चालतं ते या दोहोंच्या मध्ये कुठेतरी, आणि उष्णतामापक कुणी देत नाही. रंग बघायचा. मंद लाल असेल तर मुरदाडशिंग गोठून वर साय धरतं आणि सगळं अडतं. पिवळा झाला तर चांदीच उडायला लागते. मधला, पिकलेल्या संत्र्याच्या सालीसारखा रंग धरून ठेवायचा. मला हे घरचं होतं. बाबांच्या शेगडीचा भाता मी सहाव्या वर्षापासून ओढला आहे. कल्हईला एवढी आच लागत नाही, कथील 232 अंशांनाच पाघळतं, पण जाळाचा रंग वाचायची सवय तीच. हात आपोआप चालत होते. मावशी माझ्या मागे थांबल्या आणि काही न बोलता गेल्या.

सुमारे तासभराने थेंब हरभऱ्याएवढा उरला. त्याच्यावर तेलाच्या तवंगासारखे रंग फिरू लागले, हिरवा, जांभळा, सोनेरी, गोल गोल, वेगात. मग ते रंग पातळ झाले. एक क्षण थेंब मंद झाला, विझल्यासारखा. आणि लखकन उजळला. शिशाचा शेवटचा पडदा सरकला आणि आतली चांदी उघडी पडली. मावशी या क्षणाला डोळा उघडणं म्हणतात. मी श्वास धरून होते हे मला नंतर कळलं.

डोळा उघडल्यावर घाईने बाहेर काढायचं नाही. वितळलेली चांदी हवेतला प्राणवायू भरपूर शोषून धरते, स्वतःच्या आकारमानाच्या वीसेक पट. एकदम गार केली तर तो फसफसून बाहेर येतो आणि चांदी थुंकते. वैद्यबाईंचा थेंब थुंकला. बारीक कण वाटीभर उडाले, त्यांनी एकेक कण चिमट्याने वेचला. मुलगा या वेळी मात्र इतका सावकाश होता की त्याचा थेंब सगळ्यांत गोल निघाला.

माझी चांदी 4 गुंजांना किंचित कमी भरली. काटेकाकांनी वही बघून मान डोलावली.

पाचवा दिवस

सकाळपासून पाऊस. भट्ट्या बंद. आम्हाला लबाडीच्या खोलीत नेलं.

तीन भिंतींना फळ्या आणि फळ्यांवर फक्त फसवणुकीची साधनं. दुहेरी बुडाची मूस: खालच्या बुडावर सोन्याचा कीस आणि त्यावर मेण मिसळलेल्या मातीचं पातळ बूड, तापलं की वरचं बूड मोडतं आणि सोनं "तयार" होतं. पोकळ ढवळणी, तिच्या टोकाला मेण. अर्धा लोखंडाचा आणि अर्धा सोन्याचा खिळा, सोन्याचा भाग लोखंडासारखा रंगवलेला, द्रवात बुडवला की रंग धुतला जातो. 1722 मध्ये पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे एतिएन फ्रान्स्वा जोफ्रुआ यांनी अशा युक्त्यांची जंत्रीच मांडली होती. आम्हाला प्रत्येकी पाच वस्तू देऊन त्यातली लबाडी शोधायला सांगितलं. मोरचुदाच्या, म्हणजे तांब्याच्या निळ्या क्षाराच्या, पाण्यात लोखंड ठेवलं की त्यावर तांबं चढतं, हे मात्र लबाडीच्या फळीवर नव्हतं. थोरल्या म्हणाल्या, ती लबाडी नाही, तो निसर्ग आहे. लोखंड तांब्याचं झालं असं सांगणारं तोंड लबाड.

शेवटच्या फळीवर एका काळ्या बरणीत पाण्याखाली फॉस्फरस होता. 1669 मध्ये हाम्बुर्गच्या हेनिग ब्रांटने सोन्याच्या शोधात मूत्र आटवलं, पुन्हा पुन्हा, मोठ्या प्रमाणात, आणि हाती आला अंधारात उजळणारा मेणचट पदार्थ. त्या घरात काय दुर्गंधी असेल याचा मी विचार करत राहिले. त्या वासातून तो प्रकाश निघाला. खोलीचं दार लावून बरणी क्षणभर उघडली तेव्हा आम्ही तिघंही एकमेकांच्या जवळ सरकलो. फिकट हिरवा, थंड उजेड.

मुलाने तिथे एक गोष्ट सांगितली. शिशात 82 प्रोटॉन, सोन्यात 79. फरक फक्त तीन. जिनिव्हाजवळच्या मोठ्या कणवेगवर्धकात 2015 ते 2018 दरम्यान शिशाची केंद्रकं एकमेकांना चाटून गेली तेव्हा काहींचे तीन प्रोटॉन गळाले आणि खरोखर सोनं झालं. किती? 29 पिकोग्रॅम. एका ग्रॅमचे एक लाख कोटी भाग केले तर त्यातले 29. तेही जन्मतःच फुटून गेलं. मग त्याने माझ्याकडे वळून विचारलं, "ताई, तुमचं कथील ना? कथील 50, चांदी 47. तिथेही तीनच." माझ्या अंगावर काटा आला.

रात्री थोरल्यांनी बोलावलं आणि वेधाची किंमत सांगितली.

वेध म्हणजे एका धातूने दुसऱ्याचा स्वभाव घेणं. त्यासाठी लागणारं सिद्ध द्रव्य श्रेणी देते, मोहरीएवढं. पण ते चालायला करणाऱ्याला एक वास सोडावा लागतो. कायमचा. बाकीचं नाक शाबूत राहतं, तेवढा एक वास जगातून जातो. आणि वास जेवढा जिवाजवळचा, तेवढाच वेध खोल उतरतो. आम्ही बरण्या ओळखल्या तेव्हा कोणत्या वासाला कुणाचा श्वास अडला ते त्यांनी लिहून ठेवलं होतं, पण सक्ती नाही. कोणता वास द्यायचा ते ज्याचं त्याने ठरवायचं. द्यायचा नसेल तर सकाळी दार उघडं आहे.

सर्दी झाली असेल तर येऊ नका. मला तेव्हा उमगलं.

रात्रभर पाऊस पडत होता. ओल्या मातीचा वास येत होता आणि मी मनाशी म्हणत होते, हा देऊ का? हा देऊन भागेल का? पहाटे पुडी उघडली. थंड नवसागराला वास जवळजवळ नसतो, तो धुरातच येतो. तरी ती नाकाशी धरून बसले.

सहावा दिवस

आधी मुलगा. त्याने सडक्या अंड्यांचा वास द्यायचं ठरवलं होतं. शाळेच्या प्रयोगशाळेपासून त्या वासाने त्याला मळमळायचं, गेला तर बरंच, असा त्याचा हिशेब. थोरल्यांनी तीनदा विचारलं, नक्की? तो हो म्हणाला. द्रव्य टाकलं, शिसं तसंच राहिलं. पण वास गेला तो गेलाच. बरणी आणून दिली तर त्याला काही कळेना. थोरल्या खूप वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "आता बंद जागेत तू एकट्याने कधीही काम करायचं नाहीस. सोबत कुणीतरी असलंच पाहिजे, आयुष्यभर. वचन दे." त्याने दिलं. पुढच्या वर्षी पुन्हा यायची त्याला मुभा आहे. त्याच्या चेहऱ्याकडे मला बघवत नव्हतं.

वैद्यबाईंनी आपलं तांबं मुशीत ठेवलंच नाही. त्या म्हणाल्या, "माझ्याकडे येणाऱ्या माणसाच्या श्वासाला पिकल्या फळासारखा गोड वास आला तर त्याची साखर जिवावर बेतली आहे हे मला नाडी धरायच्या आधी कळतं. माझा प्रत्येक वास कुणाच्या ना कुणाच्या उपयोगाचा आहे. ते माझे नाहीतच, मी देणार कशी?" थोरल्या उठून उभ्या राहिल्या आणि त्यांना दारापर्यंत पोचवायला स्वतः गेल्या. परत आल्यावर त्यांनी वहीत बराच वेळ काहीतरी लिहिलं.

मग मी.

कांडी मुशीत ठेवण्याआधी कानाशी धरून किंचित वाकवली. कुरकुरली. मूस जाळावर चढवली. कथील लगेच पाघळलं, पाऱ्यासारखं चकचकीत. थोरल्यांनी हातात मोहरीएवढं द्रव्य ठेवलं, शेजारच्या निखाऱ्यावर माझ्या पुडीतला चिमूटभर नवसागर टाकला आणि म्हणाल्या, "शेवटचा घे. पोटभर घे."

पांढरा धूर आला. मी घेतला. बाबा उकिडवे बसलेले, डाव्या हातात सांडशी, उजव्या हातात कापसाचा बोळा, आणि भांड्याच्या काळ्या पोटात एका फटकाऱ्यात चंद्र उगवलेला. मी द्रव्य मुशीत सोडलं.

आवाज काही झाला नाही. उजेडही नाही. मुशीतला द्रव हलायचा थांबला, एवढंच. मी सांडशीने मूस हलवली तर आतलं घट्ट. कथलापुरती आच होती आणि मुशीत आता कथील नव्हतं. चांदीला 962 अंश लागतात. "भाता!" मावशी ओरडल्या आणि त्या व मी दोघींनी मिळून भाता ओढला, कोळसे लाल, नारिंगी, पिवळे होईपर्यंत, तेव्हा कुठे ती पुन्हा पाघळली. कांडीच्याच मापाचा साचा होता, त्यात ओतली. मावशी म्हणाल्या तसं सावकाश गार होऊ दिली. थुंकली नाही.

साच्यातून निघाली ती आखूड होती. तीन पेरांची कांडी दोन पेरांची झाली होती. कथलापेक्षा चांदी घट्ट, तेवढंच वजन कमी जागेत मावतं. हातात मात्र ती तितकीच जड लागत होती. मी ती कानाशी धरून जोर लावून वाकवली. काहीच ऐकू आलं नाही.

श्रेणीच्या वहीत माझं नाव लिहिलं गेलं. दुपारी निघाले.

दारात काटेकाकांनी पिशवी पुन्हा रिकामी केली. या वेळीही वजनं मीच ठेवली. सांडशी, वही, पुडी. पुडी चिमूटभर कमी, ती त्यांनी धूर म्हणून वेगळी मांडली. कांडी 5 तोळे 2 मासे 3 गुंजा. काटा मध्यावर येऊन थांबला. "बरोबर," ते म्हणाले.

मी पिशवी भरली, पण पाय निघेना. त्यांच्या शेजारी हात शेकायची लहान शेगडी होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि ती माझ्या बाजूला सरकवली. मी पुडी उघडून चिमूट टाकली. पांढरा धूर उसळला, तसाच, दाट. डोळे चुरचुरले, घशाला झोंबलं, मी खोकले. खाली वाकून आणखी जवळ गेले. कोळशाचा वास येत होता, माझ्या ओल्या पदराचा येत होता, काकांच्या घोंगडीचा येत होता.

"त्यांचं नाव काय होतं?" काकांनी विचारलं.

मी सांगितलं. त्यांनी थरथरत्या हाताने वही उघडली आणि माझ्या वजनांच्या खाली, फार सावकाश, एकेक अक्षर करत ते लिहून घेतलं.

नदीला पाणी वाढलं होतं.